गोफाचं मोकळं टोक

ग्वाल्हेरला जाऊन आले असं सांगितलं की माणसं आधी किल्ल्याचं विचारतात. किल्ला जागेवर आहे. मी तो चार दिवस जयेंद्रगंजातल्या एका गच्चीवरून, हातात चहाचा पेला धरून पाहिला, चढून मात्र एकदाही गेले नाही. मी गेले होते एक वस्तू आणायला. ती न घेताच परत आले आणि त्याबद्दल वर्षभर मला घरी, शाळेत आणि आमच्या संस्थेत जाब द्यावा लागला आहे. तोंडी सांगून दमले, म्हणून आता एकदा लिहून टाकते.

माझी सख्खी आत्या, ताराआत्या, लग्न होऊन ग्वाल्हेरला गेली ती तिथलीच झाली. तिचं सासर शिलेदारांचं. दख्खनेतून घोड्यावर बसून उत्तरेत उतरले आणि ग्वाल्हेरच्या लष्कर नावाच्या भागात घरं बांधून राहिले, त्यांतलं एक. या घरांतल्या बायकांची स्वतःची एक भाषा आहे. ती तोंडाने बोलत नाहीत आणि कागदावर लिहीत नाहीत. परसात देवकापूस लावायचा, त्याचं सूत काढायचं, ते रंगवायचं आणि तीन पदरांचा गोफ विणायचा. त्या विणीतल्या गाठी, पीळ आणि रंग हे शब्द. गोफ चिमटीत धरून डोळे मिटून सरकवत गेलं की वाचता येतो. या भाषेला त्या दोरबोली म्हणतात. नवरा मोहिमेवर असताना कारकुनाकडून पत्र लिहून घ्यायचं म्हणजे घरातली गोष्ट गावभर व्हायची, त्यावर कुणा शहाण्या बाईने काढलेला हा तोडगा.

राज्यांची पुनर्रचना झाली आणि ग्वाल्हेरच्या कचेऱ्या बाडबिस्तरा आवरून भोपाळला निघाल्या. आत्याचा मुलगा वसंता कचेरीतला, त्याचीही बदली झाली. पाठोपाठ आत्याचं पत्र आलं. 'वसंता भोपाळास गेला. संक्रांत झाली की सूनबाईला घेऊन जाईल. माझी बोटं आता बधिर होऊन राहिली आहेत. गोफ तू येऊन घेऊन जा. ट्रंकेत पडून कसर लागण्यापेक्षा तुझ्या पुण्यात राहील.'

मी मराठीची शिक्षिका. रविवारी एका संस्थेत जुन्या वस्तूंच्या नोंदी करायला जाते. त्या दिवसांत आमच्याकडे मराठीचं एक राज्य व्हावं म्हणून रोज सभा चालल्या होत्या, मीही दोन-चारदा घसा फोडून आले होते. अशा वेळी हे पत्र! चिटणिसांनी काचेची पेटी करायला टाकली. पाटीवरचा मजकूर मीच लिहिला: 'उत्तरेतील मराठी स्त्रियांची सूत्रभाषा'. पाटी वाळायच्या आत मी गाडीत बसले.

पडाव

स्टेशनावर आत्याची सून सरोज घ्यायला आली होती. वय बावीस-तेवीस, अंगावर दोन शाली, नाकाचा शेंडा थंडीने लाल. वाकून नमस्कार करून म्हणाली, "ताई, सफर ठीक झाली ना? इथे ठंड खूप पडून राहिली आहे. कान बांधून घ्या."

"प्रवास म्हणावं," मी म्हटलं. "आणि थंडी."

ती "हो" म्हणाली आणि स्टेशनाजवळच्या पडाव भागापासून जयेंद्रगंजातल्या घरापर्यंत तांग्यात पुन्हा एक अक्षर बोलली नाही. मला वाटलं, शिस्तीची मुलगी आहे.

आत्याने दारातच भाकरतुकडा ओवाळून टाकला. मग समोर बेडई आली. म्हणजे डाळ भरलेली खमंग पुरी, तिच्याबरोबर बटाट्याचा झणझणीत रस्सा, आणि त्याच ताटात गरम जिलबी. सकाळी आठ वाजता! पुण्यात पोह्यांवर खोबरं जास्त पडलं तर आम्ही उधळेपणा म्हणतो. मी तीन बेडया खाल्ल्या आणि चौथीला नको म्हणताना आवाज पुरेसा ठाम काढला नाही, त्यामुळे चौथीही खाल्ली.

जेवणं झाल्यावर आत्याने गोफ बाहेर काढला. मोठ्या नारळाएवढा गुंडा. आतला भाग काळपट झालेला, वरचे थर लाल, निळे, पांढरे. बाहेरचं टोक मात्र विस्कटलेलं, तीन पदर सुटे सोडलेले आणि त्यांत बाभळीचा एक काटा खोचलेला. गच्चीवर उन्हात बसून तिने डोळे मिटले आणि चिमूट सरकवायला सुरुवात केली. बोटं बधिर झाल्याची तक्रार करणारी हीच बाई यावर माझा विश्वास बसेना.

"हे थोरल्या सासूबाईंच्या सासूचं," ती म्हणाली. "घोडा एकटाच परतला." आणि पुढे सरकवलं. "इथे दोन हात नुसतं पांढरं आहे. काहीच बोलल्या नाहीत बाई. मग ही गाठ: चूल पेटवली."

माझ्या अंगावर सरसरून काटा आला, हे सांगायला मला लाज नाही.

या भाषेत शब्द कसा येतो, तेही आत्याने सांगितलं. घरात सून आली की तिच्या हाताने परसात देवकापसाचं बी लावतात. त्या झाडाला पहिलं बोंड फुटलं की त्याच्या सुताने तिने गोफात एक नवा शब्द घालायचा, आधी कुणी न घातलेला. तोपर्यंत येणारीजाणारी प्रत्येक बाई तिला विचारते, "काय गं, शब्द उगवला का?"

"तुझा कोणता?" मी विचारलं.

आत्या चक्क लाजली. तिने माझं बोट धरून एका टपोऱ्या गाठीवर ठेवलं. "नव्या घरात पहिल्यांदा आपलं वाटलेलं भांडं. माझा एक पितळी तांब्या होता."

मी मग वही काढून एकेक शब्द विचारायला लागले. भूक आहे. पाणी आहे. सवत तर तीन तऱ्हांची आहे. "आणि 'चुकलं माझं, माफ कर'?"

"ते नाही."

"नाही म्हणजे?"

"कुणी घातलंच नाही." आत्या ताठ बसली. "शिलेदारांच्या बायका आम्ही. माफी कुणाची मागणार?"

हा सगळा ताठा मला फार आवडला. आपल्याच रक्ताचा आहे असं वाटलं.

भोगी

दुसऱ्या दिवशी सकाळी परसात गेले तर देवकापसाच्या एका झुडपावर चक्क रजाई पांघरलेली. सरोज ती काढून घडी घालत होती. लग्नाला तीन वर्षं झाली होती. दोन वर्षं तिचं रोप पाल्याने, म्हणजे गोठलेल्या दवाने, जळलं. इथे हिवाळ्यात पाला पडतो तो आपल्याकडच्या माणसाला सांगून कळायचा नाही, सकाळी बादलीतल्या पाण्यावर पापुद्रा असतो. यंदा तिने स्वतःची रजाई झाडाला दिली आणि स्वतः थंडी शालींवर काढली. पहिलं बोंड आठवड्यापूर्वी फुटलं होतं. सूतही काढून झालं होतं.

"मग शब्द कोणता घालणार?" मी विचारलं.

"सोचलं आहे मी... म्हणजे, विचार केला," ती थबकली. "जाऊ द्या ताई. मला नीट मराठी येत नाही. बीच में हिंदी येऊन जाते. आई म्हणतात ते बरोबर आहे, गोफ पुण्याला गेलेला बरा."

मी काय म्हणावं? मी म्हटलं, "वाचन वाढव."

तेवढ्यात सूत रंगवायला जायची वेळ झाली. हमीदाबी रंगरेजीण दोन गल्ल्या पलीकडे राहते. हात कोपरापर्यंत निळे, तोंडात पान. या घराचं सूत तिच्या आजेसासूपासून त्यांच्याकडेच रंगतं. रंग जुळवायला म्हणून सरोजने गोफाचा गुंडा पिशवीतून नेला होता. हमीदाबीने तो मांडीवर घेतला, उलगडला, आणि डोळे मिटून चिमूट सरकवायला लागली.

"इधर किसी का घोड़ा अकेला लौटा है," ती पुटपुटली. "फिर बेचारी कुछ नहीं बोली. ये देखो, फिर चूल्हा जलाया."

मी सरोजकडे पाहिलं. "यांना मराठी येते?"

"एक लफ्ज़ नहीं, बहनजी," हमीदाबीच हसून म्हणाली. "ये तो डोरी है. इसमें मराठी कहाँ?"

माझ्या डोळ्यांपुढे ती पाटी आली. 'मराठी स्त्रियांची'. परत येताना सरोज माझ्यासाठी गजक घेत होती. गजक म्हणजे तीळ आणि गूळ इतके कुटतात की पापुद्र्यासारखे विरघळतात. आमच्या तिळाच्या वडीने दाताची परीक्षा होते, इथे दात नसलेल्यालाही संक्रांत करता येते.

दुपारी भोगीची भाजी आणि बाजरीची भाकरी. भाजी मोहरीच्या तेलातली. पहिल्या घासाला नाकाडोळ्यांतून पाणी आलं, पुढचे घास मी स्वखुशीने खाल्ले. मग आत्या लवंडली, सरोज भांडी घासायला बसली आणि मी सामान बांधायला घेतलं.

आणि इथे मी ती करणी केली.

गुंडा उचलताना टोकाचा बाभळीचा काटा खचकन बोटात गेला. मी तो उपटून फेकला. बघते तर तीन पदर सुटेच. इतका लांबचा प्रवास, टोक उसवत उसवत जाईल, काचेत ठेवल्यावर गबाळं दिसेल. मी शिस्तीची बाई. तीनही पदर नीट ओढून घेतले, त्यांची दुहेरी निरगाठ मारली, उरलेली दशी कात्रीने समान केली. काम झाल्यावर हात झटकले. स्वतःवर बेहद्द खूश होते मी.

संक्रांत

संक्रांतीला दुपारी चारला हळदीकुंकू. लष्करातल्या पंधरा-वीस बायका आल्या. काळ्या चंद्रकळा आपल्यासारख्याच, पण वरून लोकरीचे स्वेटर आणि तळहातांवर तिळगूळ म्हणून गजकाचे तुकडे. "तिळगूळ घ्या, गोड गोड बोला" म्हणून लगेच "अरे भाई, दरवाजा बंद करा, हवा येऊन राहिली आहे." मी मनातल्या मनात खूण करत होते, ही चूक, ती चूक. त्यांना त्याचं काही नव्हतं. एक बाई तर मला म्हणाली, "तुमच्या पुण्यात मराठी बोलायला काय लागतं? सगळेच बोलतात. आमच्यासारखं इथे राहून बोलून दाखवा." मी गजकाचा आणखी एक तुकडा तोंडात टाकला.

दर संक्रांतीला या बायका गोफ हातोहात फिरवतात. यंदा शेवटचा म्हणून आत्याने तो आपल्या जावेच्या, गोदाकाकूंच्या हाती दिला. गोदाकाकूंनी डोळे मिटले, चिमूट टोकापर्यंत नेली. आणि थांबल्या.

"तारा, कोण गेलं?"

"कोण जाणार? काय बोलून राहिल्या तुम्ही?" आत्याने गोफ ओढून घेतला आणि टोकावर अंगठा ठेवला. तिचा चेहरा राखेसारखा झाला. "हे कुणी केलं?"

"मी," मी म्हटलं. "उसवू नये म्हणून..."

मग गोदाकाकूंनी मला सांगितलं. गोफाचं टोक कधी बांधत नाहीत. पुढची सून येईल म्हणून ते मोकळं ठेवतात, काट्याने नुसतं अडकवतात. घरात कुणीच उरलं नाही, मागे बोलणारी एकही बाई नाही, तेव्हा शेजारणी येऊन गाठ मारतात आणि तो गोफ नदीत सोडतात. बांधलेल्या टोकाचा अर्थ एकच: घर मिटलं.

आणि ती मी मारली होती, ऐन भोगीला, घरात सून असताना.

मी नखं लावून गाठ सोडवायला धावले. आत्याने फाडकन माझ्या हातावर मारलं. चाळिशीतली बाई मी, लहानपणी खाल्ली तशी चापट खाल्ली. "उकलायची नाही! बोललेलं परत घेता येतं का? ती आता राहणार." आणि मग खालच्या आवाजात, कुणालाच उद्देशून नाही असं, "खरंच तर आहे. पोर भोपाळला चालली. गोफ काचेत चालला. तू नाही तर मी मारलीच असती."

माझी आत्या मी कधी रडताना पाहिली नव्हती. त्या दिवशीही ती रडली नाही, पण रडली असती तर बरं वाटलं असतं.

तेवढ्यात सरोज उठली. आत गेली, आपलं सूत घेऊन आली. एक पदर लाल, एक निळा, एक पांढरा. सगळ्यांच्या मधोमध बसकण मारून तिने गोफ आत्याच्या मांडीवरून उचलला.

"आई, मी घालू का?" ती म्हणाली. "मला बोलता नाही येणार. घालून दाखवते."

आत्याने मान हलवली.

सरोजने सुईच्या टोकाने माझ्या निरगाठीच्या पोटातून आपले तीन पदर ओवले आणि पलीकडे काढले. मग तिची बोटं चालायला लागली. पडावापासून माझ्यापुढे अडखळत, जपून बोलणाऱ्या त्या मुलीची बोटं इतकी भराभर, इतकी बिनधास्त चालली की बायका मांडी मोडून पुढे सरकल्या. अर्धी वीत विणून तिने टोक मोकळं सोडलं. हात पुढे केला. कुणीतरी अंगणात जाऊन बाभळीचा काटा आणला.

आत्याने अंगठा ठेवला. "ही माझ्या आजेसासूबाईंची गाठ. मोहिमेवर गेला," ती वाचू लागली. "याच्यापुढे 'परतला' तरी येतं, नाही तर 'घोडा एकटाच'..." ती थांबली. पुन्हा मागे जाऊन वाचलं. "याच्यापुढे माझा तांब्या घातलास?"

"हो आई. जो हुकमाने दूर गेला आहे, मरला नाही, भांडला नाही, पण घरात नाही आहे. आणि तरी आपलाच आहे." तिने घाईघाईने डोळे पुसले. "ह्याला काय म्हणतात ते मला मराठीत पण नाही माहीत, हिंदीत पण नाही. दोन महिने झाले, हे भोपाळला आहेत, मी रोज हेच सोचून राहिली आहे."

गोफ गोदाकाकूंकडे गेला. त्यांचा मुलगा इंदुरात. त्यांनी तो शब्द दोनदा वाचला आणि पदर तोंडाला लावला. त्यांच्या शेजारणीची लेक नागपूरला. तिच्याही शेजारणीचे यजमान भोपाळात, खोली मिळेना म्हणून एकटेच. खोलीतली एक बाई अशी नव्हती की जिला तो शब्द लागत नव्हता. नकाशावर रेघा ओढणाऱ्यांनी त्यांची माणसं उचलून चार दिशांना नेऊन ठेवली होती, आणि ह्या दुःखाला नावच नव्हतं. ते नाव अडखळत बोलणाऱ्या पोरीने दिलं. मराठी शिकवणारी मी तिथेच बसले होते आणि मला ते सुचलं नव्हतं. अभिमानाने माझा ऊर भरून आला, आणि पुण्याचा म्हणून नव्हे.

शेवटी आत्या म्हणाली, "उगवला गं शब्द." मग दटावल्यासारखं, "गोफ तुझ्याबरोबर भोपाळला जाईल. आणि दर संक्रांतीला माझ्याकडे वाचायला घेऊन यायचं. कबूल?"

परत

निघायच्या दिवशी वसंता सरोजला न्यायला आला. ट्रंकेत नव्हे, सरोजच्या मांडीवर बसून गोफ भोपाळला जाणार हे त्याला समजावून सांगण्यात सकाळ गेली. तांगा दाराशी आला तेव्हा आत्याने माझ्या रुमालाला एक पुरचुंडी बांधली. आत देवकापसाचं बी.

"हे कशाला?" मी म्हटलं. "मी काही कुणाच्या घरची सून नाही." माझं लग्न झालेलं नाही आणि आता होण्यातलंही नाही.

"गाठ मारताना आठवलं नाही ते? टोकाला हात लावलास. आता तुझा शब्द घालावा लागेल." मग थोडं मऊ होऊन, "कानाला बांध काहीतरी. ठंड आहे."

मी कान बांधले.

पुण्यात चिटणीस रागावले. रागावणारच. काचेच्या पेटीत आता शाळांच्या क्रीडास्पर्धांतले पेले ठेवलेत, पाटी मी घरी आणली. "वस्तू कुठे आहे?" असं त्यांनी लेखी विचारलं, मी लेखी कळवलं की ती अजून बोलते आहे, त्यामुळे देता येत नाही.

बी मी तुपाच्या रिकाम्या डब्यात लावलं. आमच्या गॅलरीत पाला पडत नाही, पण कावळे आहेत. गणपतीनंतर त्याला फूल आलं, दिवाळी उलटल्यावर बोंड फुटलं. सूत मला धड काढता येत नाही. कुठे जाड, कुठे केसासारखं. पंधरा दिवस रोज शाळेतून आल्यावर बसत होते. शब्द मात्र शोधावा लागला नाही. इतक्या पिढ्यांच्या ताठ बायकांनी जो घातला नव्हता तो रिकामाच पडलेला होता. सरोजशी तीन दिवस मी ज्या तोऱ्यात वागले, त्यानंतर तो माझ्याखेरीज कुणी घालायचा? माझीच ती दुहेरी निरगाठ मी विणली, आणि तिच्या पोटातून मोकळे पदर पुढे काढले. चुकलं माझं. पाकिटात घालून भोपाळला पाठवला.

मागच्या आठवड्यात सरोजचं पत्र आलं. 'ताई, तुमचा शब्द मिळाला. सूत कच्चं आहे पण समजून येतं. मी गोफात जोडून घेतला. संक्रांतीला आईंना वाचायला नेईन. शेजारी एक पंजाबी भाभी राहते, तिला मी थोडी दोरबोली शिकवून राहिली आहे. आमचं पाण्यावरून झगडा झाला होता. काल तिने माझ्या दरवाज्याला एक दोरी बांधून ठेवली. मी डोळे बंद करून वाचली. ताई, तुमचा शब्द होता.'

सवयीने लाल पेन्सिल हातात घेऊन मी पत्र वाचायला बसले होते. ती तशीच हातात राहिली. अठरा वर्षं मराठी शिकवते आहे, पण माझा एखादा शब्द कुणाच्या कामी आला, असं आजवर मला कुणी कळवलं नव्हतं.